अडकलेले अपील आणि परमादेश

कायद्याचा इतिहास म्हटला की गाजलेले निकाल आठवतात. मी मात्र न दिलेल्या निकालांविषयी बोलणार आहे. मालट्रकची नोंदणी नाकारली किंवा निलंबित केली की ट्रक जागीच उभा राहतो. मालकाच्या कर्जाचे हप्ते चालूच राहतात. ड्रायव्हर-क्लीनरचा भत्ता मात्र त्याच दिवशी बंद होतो.

१९३९ च्या मोटार वाहन कायद्याने अशा हुकमावर गाडीच्या मालकाला अपील दिले. मुदत तीस दिवस. ड्रायव्हरचा त्यात उल्लेखही नाही. १९८८ च्या कायद्यात, कलम ५७ मध्ये, मुदत तीस दिवसांचीच राहिली. पण ही मुदत अपील करणाराला! ऐकणाऱ्या अधिकाऱ्याने दोन्ही बाजू ऐकून हुकूम द्यावा एवढेच कलम सांगते. किती दिवसांत, हे सांगत नाही. कागद वर्षभर कपाटात पडला तरी त्या कलमाची कोणतीही मुदत मोडत नाही.

मग दाद कोणाकडे मागायची? सरकारी अंमलदाराला ‘तुझे काम कर’ असे बजावणारा जो हुकूम, त्याला इंग्रजी कायद्यात मॅन्डेमस म्हणतात. आपण परमादेश म्हणतो. १८७७ च्या स्पेसिफिक रिलीफ अॅक्टाच्या कलम ४५ ने असा हुकूम देण्याचा अधिकार मुंबई, कलकत्ता व मद्रास येथील हायकोर्टांना होता, आणि तोही त्या शहरांच्या हद्दीपुरता. खुद्द सरकारवर तो बजावता येत नसे. म्हणजे साताऱ्याच्या किंवा नागपूरच्या माणसाला हे दार बंदच होते. २६ जानेवारी १९५० रोजी राज्यघटना अंमलात आली आणि अनुच्छेद २२६ ने प्रत्येक हायकोर्टाला हा अधिकार मिळाला, सरकारविरुद्धसुद्धा. मतदानाच्या हक्काची आपण आठवण काढतो. या हक्काची फारशी काढत नाही.

त्याची मर्यादाही लवकरच ठरली. १९५२ साली वीरप्पा पिल्लै विरुद्ध रामन अँड रामन या खटल्यात सुप्रीम कोर्टापुढे तंजावरकडील बसच्या परवान्यांचा वाद आला. परवाना द्या, असा हुकूम हायकोर्टाने वाहतूक अधिकाऱ्यांना दिला होता. तो सुप्रीम कोर्टाने रद्द केला. परवाना द्यायचा की नाही हे अधिकाऱ्यानेच ठरवायचे. परंतु हाती असलेला अधिकार वापरायचेच त्याने नाकारले, तर हायकोर्ट हात घालू शकते, हेही त्याच निकालात आहे. वाद परवान्याचा असला तरी तत्त्व नोंदणीच्या अपिलालाही लागू पडते. अपील मंजूर करा असे कोर्ट सहसा म्हणत नाही. अमुक आठवड्यांत निकाली काढा, एवढेच म्हणते. काहींना हे फारच थोडे वाटते. ज्याची चूल ट्रकच्या चाकावर चालते, त्याला ‘नाही’ हे उत्तरसुद्धा वेळेवर हवे असते. त्याला निदान दुसरी गाडी तरी शोधता येते.

कोर्टात जाण्याआधी मात्र लेखी मागणी केलेली असावी. मागणीच केली नाही तर नकार कशाचा, असा प्रश्न येतो. आठवडे पुष्कळदा हुकमाची प्रत कचेरीत पोचल्यापासून मोजले जातात. तेव्हा प्रत देताना शिक्का, तारीख आणि सही घेतल्याशिवाय टेबलापासून हलू नये.