बाबासाहेबांचे ग्रंथ, भीमगीते आणि कॉपीराइट : आपल्याला काय माहीत हवे?

जयंती जवळ आली की कार्यकर्ते आम्हाला दोन प्रश्न हमखास विचारतात. बाबासाहेबांचे पुस्तक छापून वाटता येते का? आणि भीमगीते गायला परवानगी लागते का?

कॉपीराइट कायदा, १९५७ प्रमाणे लेखकाचा मृत्यू ज्या वर्षी झाला, त्याच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षे हक्क राहतो. बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण १९५६ सालचे. म्हणून त्यांनी हयातीत प्रसिद्ध केलेले ग्रंथ १ जानेवारी २०१७ पासून सर्वांसाठी खुले झाले. मरणोत्तर प्रसिद्ध झालेल्या लेखनाची ६० वर्षे मात्र पहिल्या प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून मोजतात. ‘द बुद्ध अँड हिज धम्म’ १९५७ मध्ये आला, तो २०१८ पासून खुला. ‘रिडल्स इन हिंदुइझम’ शासनाने १९८७ मध्ये छापले. हाच नियम लावला तर त्याची मुदत २०४७ अखेरपर्यंत जाते.

इथे एक चूक नेहमी होते. मूळ इंग्रजी ग्रंथ खुला झाला, तरी त्याचे मराठी भाषांतर आपोआप खुले होत नाही. भाषांतरकाराचा हक्क स्वतंत्र असतो.

गीतांचे गणित वेगळे आहे. लोककवी वामनदादा कर्डक २००४ मध्ये गेले, म्हणजे त्यांच्या शब्दांवरचा हक्क २०६४ अखेरपर्यंत आहे. तरीही खऱ्याखुऱ्या धार्मिक विधीत, लग्नात आणि वरातीत गीत गायला कायद्याने सूट दिली आहे. हौशी मंडळाने तिकीट न लावता केलेल्या कार्यक्रमालाही सूट आहे. तिकिटाचा जलसा, नवी कॅसेट किंवा कमाईसाठी टाकलेला व्हिडिओ यांना परवानगी हवी. कलम ५७ प्रमाणे रचनाकाराला आपले नाव लावून घेण्याचा हक्क आहे आणि तो हक्क विकल्यानंतरही राहतो. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांचा रॉयल्टीतला वाटा करारात सोडून देता येत नाही.

विचार घरोघरी पोहोचलाच पाहिजे, यात आमचे दुमत नाही. पण ज्या शाहिरांनी पोटाला चिमटा घेऊन चळवळ गावोगावी नेली, त्यांची गाणी वाजतात आणि नाव मात्र कुणी घेत नाही, हेही आम्ही पाहतो. म्हणून मंडळांना आमची विनंती आहे : खुले ग्रंथ निर्धास्त छापा, स्टेजवरून गीतकाराचे नाव घ्या आणि जिथे कमाई होते तिथे त्याच्या कुटुंबाचा वाटा आधी बाजूला काढा.