घमेलें आणि सूरजागड

गडचिरोली जिल्ह्याच्या एटापल्ली तालुक्यांतील सूरजागडच्या डोंगरांत लोहखनिज विपुल आहे. दगडाचें लोखंड होतें आणि लोखंडाचें घमेलें. खेडोपाडीं दिसणारें हें भांडें इतकें अस्सल देशी वाटतें कीं, त्याचें नांव समुद्रापलीकडून आलें असेल अशी शंकाही कोणास येत नाहीं.

मूळ शब्द लॅटिन 'कामेल्ला', म्हणजे पेला किंवा वाडगा. स्पेनमध्यें त्याचा 'गामेल्या' झाला. गुरांस दाणापाणी देण्याच्या काठवटीचें तें नांव. बैलांच्या मानेवर बसणाऱ्या जोखडाच्या कमानीसही तेथें हाच शब्द लावतात. फ्रेंचांत 'गामेल' हा शिपायाच्या जेवणाचा डबा. बोलीभाषेंत 'गामेल घेणें' म्हणजे सपशेल आपटणें. आणि नाटक-चित्रपटांच्या कामगारांनीं तर प्रकाशाच्या मोठ्या दिव्यासच हें नांव देऊन टाकलें!

आपल्याकडे हा शब्द पोर्तुगीजांनीं आणला. गोवा त्यांनीं १५१० मध्यें घेतला, वसई १५३४ मध्यें. पुढें १७३९ मध्यें मराठ्यांनीं वसई जिंकली. पोर्तुगीज गेले, शब्द मात्र राहिला. मराठी माणसानें 'ग' चा 'घ' केला, लांकडाच्या जागीं लोखंड आणलें. गवंडी वाळू घमेल्यानें मोजूं लागला, तेव्हां भांड्याचें माप झालें. १९७२ च्या दुष्काळांत आणि १९७७ च्या रोजगार हमी कायद्यानंतर, डोक्यावर चुंबळ ठेवून माती वाहणाऱ्या हजारों स्त्रियांस घमेलें म्हणजे दिवसाची भाकर, असा अर्थ झाला.

सूरजागड या नांवासही असेच अनेक अर्थ आहेत. माडिया गोंडांस तें ठाकुरदेवाचें ठाणें. दर जानेवारींत तेथें त्याची यात्रा भरते. उद्योगास तें खनिज: २००७ मध्यें खाणपट्टा दिला गेला, २०१६ मध्यें उत्खनन सुरू झालें आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरांत नक्षलवाद्यांनीं तेथील कित्येक वाहनें जाळलीं. रोजगार शोधणाऱ्या तरुणास तो पगार आहे.

परंतु दोहोंत एक भेद आहे. घमेल्यास नवा अर्थ लाभला म्हणून स्पेनमधील काठवट कोणी फोडली नाहीं. डोंगराचें तसें नाहीं. खनिज हा अर्थ पूर्णपणें वसूल झाला, तर देवाचें ठाणें या अर्थास उभें राहण्यापुरतीही जागा उरत नाहीं.