‘निराधार’चे पैसे रखडले, दाद कोठे मागावी?

प्रतिनिधी, नागभीड

दिव्यांगांचे मासिक अर्थसाहाय्य रखडले की बँक तहसील कार्यालयाकडे बोट दाखविते आणि तहसीलमध्ये ‘वरूनच अनुदान आले नाही’ असे उत्तर मिळते. जंगलालगतच्या गावातून नागभीडला येणाऱ्या दिव्यांगासोबत घरातील आणखी एकाची मजुरी बुडते. एवढे करूनही उत्तर तोंडीच मिळते. कायद्याची दाद मात्र लेखी कागदाच्या आधारेच मागता येते.

योजना कोणत्या?

राज्याची संजय गांधी निराधार अनुदान योजना १९८० पासून सुरू आहे. किमान ४० टक्के अपंगत्व असलेली व्यक्ती तिच्या अटींनुसार पात्र ठरते. केंद्राची इंदिरा गांधी राष्ट्रीय दिव्यांग निवृत्तिवेतन योजना दारिद्र्यरेषेखालील, ८० टक्के वा अधिक अपंगत्व असलेल्यांसाठी आहे. राज्याने मासिक रक्कम २०२३ मध्ये १,५०० रुपये, तर २०२५ मध्ये दिव्यांगांसाठी २,५०० रुपये केली. आता रक्कम थेट आधार संलग्न खात्यात जमा होते. त्यामुळे आधार जोडणीतील त्रुटी, बंद पडलेले खाते किंवा सादर न झालेला हयातीचा दाखला, यांपैकी एका कारणानेही पैसे अडकू शकतात.

पहिली पायरी : पोचपावती

पासबुक अद्ययावत करून नेमके कोणते महिने जमा झाले नाहीत, ते तहसीलदारांना लेखी कळवावे. अर्जात थकीत रकमेची मागणी स्पष्ट असावी आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख व सही घ्यावी. उत्तर न आल्यास माहिती अधिकार कायदा, २००५ खाली ‘माझी रक्कम कोणत्या कारणाने व कोणाच्या आदेशाने थांबली’ हे दर्शविणाऱ्या कागदपत्रांच्या प्रती मागाव्यात. शुल्क १० रुपये असून दारिद्र्यरेषेखालील अर्जदारास ते माफ आहे. उत्तराची मुदत ३० दिवसांची आहे. त्यानंतर प्रथम अपील करता येते. जिल्हा पातळीवर महिन्याच्या पहिल्या सोमवारी होणाऱ्या लोकशाही दिनातही गाऱ्हाणे मांडता येते.

दिव्यांग आयुक्तांचे अधिकार

दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ च्या कलम २४ ने सामाजिक सुरक्षेची जबाबदारी शासनावर टाकली आहे. हक्क डावलल्याची तक्रार पुणे येथील राज्य दिव्यांग आयुक्तांकडे करता येते. चौकशीसाठी साक्षीदार बोलावणे, दस्तऐवज मागविणे असे दिवाणी न्यायालयाचे अधिकार त्यांना आहेत. त्यांच्या शिफारशीवर संबंधित प्राधिकरणाने तीन महिन्यांत कार्यवाही करावी; शिफारस अमान्य असल्यास त्याची कारणे आयुक्तांना व तक्रारदाराला कळवावीत, असे कलम ८१ सांगते. मात्र ही शिफारस आहे, हुकूमनामा नव्हे. तिच्यापुढचा मार्ग न्यायालयाचा आहे.

उच्च न्यायालय

संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिका करता येते. आधी लेखी मागणी केली होती काय आणि ती नाकारली वा दुर्लक्षिली गेली काय, हे न्यायालय सर्वसाधारणपणे पाहते. येथे तहसीलची पोचपावती उपयोगी पडते.

सर्वोच्च न्यायालयाने अन्नाच्या अधिकाराच्या प्रकरणात २८ नोव्हेंबर २००१ रोजी वृद्धापकाळ निवृत्तिवेतन दर महिन्याच्या ७ तारखेपूर्वी देण्याचे निर्देश दिले होते. तो आदेश वृद्धांच्या योजनेपुरता होता. तरीही असे साहाय्य वेळेवर पोहोचणे हा न्यायालयाने दखल घेण्याजोगा विषय आहे, हे त्यातून दिसते.

वकिलाचा खर्च

विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार दिव्यांग व्यक्तीला मोफत वकील मिळतो. त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. चंद्रपूरचे जिल्हा विधी सेवा प्राधिकरण किंवा १५१०० ही मदतवाहिनी येथे संपर्क साधता येतो. उच्च न्यायालयातील प्रकरणासाठी नागपूर येथील विधी सेवा समिती आहे.

अपंगत्वाचा दाखला, मंजुरीचे पत्र, पासबुक आणि पोचपावत्या यांच्या प्रती एकत्र ठेवल्यास यातील प्रत्येक ठिकाणी त्याच उपयोगी येतात.