साबुदाणा आणि ‘पॉपिंग बोबा’: परंपरा कोणती, परके कोण?

१/ पुणे–सोलापूर महामार्गावर भिगवण ओलांडले की डाळज लागते. याच इंदापूर तालुक्यातून संत तुकाराम महाराजांची पालखी सणसर, निमगाव केतकीमार्गे पंढरपूरकडे जाते. आषाढी एकादशीला येथे घरोघरी साबुदाण्याची खिचडी शिजते. शहरी कॅफेंत मात्र दाताखाली फुटून फळांचा रस सोडणारे ‘पॉपिंग बोबा’ मिळतात. साबुदाणा परंपरेचा आणि बोबा परका, हा समज इतिहासाच्या कसोटीवर टिकतो का?

२/ मूळचा साबुदाणा आग्नेय आशियातील एका ताडवर्गीय वृक्षाच्या खोडातील पिष्टापासून होत असे. मलय भाषेत त्याला ‘सागू’ म्हणतात. आपला ‘साबू’ त्याचाच वंशज. एकोणिसाव्या शतकात मलाक्का व सिंगापूर येथील चिनी कारखानदार त्याचे मोत्यांसारखे दाणे करून निर्यात करीत.

३/ आजचा साबुदाणा कसावा या कंदाचा आहे. हे दक्षिण अमेरिकेतील पीक पोर्तुगीजांनी भारतात आणले. त्रावणकोरचे महाराज विशाखम तिरुनाळ (कारकीर्द १८८०–१८८५) यांनी त्याच्या लागवडीस उत्तेजन दिले.

४/ फेब्रुवारी १९४२ मध्ये सिंगापूर जपानच्या हाती पडले आणि तिकडची आयात थांबली. पुढील वर्षाच्या सुमारास तमिळनाडूतील सेलम येथे कसाव्याच्या ओल्या पिष्टाचे दाणे वळून भाजण्याचा उद्योग उभा राहिला. झाड बदलले, नाव मात्र तेच राहिले.

५/ मग हा साबुदाणा खरा की नकली? अन्नभेसळ प्रतिबंधक कायद्याखालील नियमांनी सागू वृक्ष आणि कसावा या दोहोंच्या दाण्यांना एकच नाव मान्य करून हा प्रश्न निकालात काढला.

६/ १९८० च्या दशकात तैवानमध्ये चहात पडलेला ‘बोबा’ही कसाव्याचाच, म्हणजे आपल्या साबुदाण्याचा सख्खा भाऊ! ‘पॉपिंग बोबा’ या कुळातला नव्हे. त्याचे आवरण समुद्रशैवालातील अल्जिनेटचे. हा पदार्थ १८८१ मध्ये एडवर्ड स्टॅनफर्ड या ब्रिटिश रसायनतज्ज्ञाने प्रकाशात आणला.

७/ अल्जिनेटला कॅल्शियम भेटले की त्याचा पातळ पापुद्रा धरतो. कॅल्शियम मिसळलेल्या रसाचे थेंब अल्जिनेटच्या द्रावणात सोडले, की बाहेर पापुद्रा आणि आत रस राहतो. दुसऱ्या महायुद्धाच्याच काळात ब्रिटनमध्ये विल्यम पेशार्ट यांनी या गुणधर्मावर कृत्रिम चेरी बनविण्याचे तंत्र बसविले. २००३ मध्ये स्पेनच्या ‘एल बुयी’ उपाहारगृहात फेरान आद्रिया यांनी तेच उपाहारगृहाच्या ताटात आणले.

८/ खिचडीतले शेंगदाणे, बटाटा आणि मिरचीदेखील अमेरिका खंडातून आलेली. एकादशीचे व्रत प्राचीन आहे. त्याचे ताट मात्र समुद्रमार्गांनी आणि युद्धांनी घडविले. म्हणूनच १९४२ पूर्वीच्या कागदपत्रांत ‘साबुदाणा’ हा शब्द आढळला, तर अभ्यासकाने प्रथम विचारावे: तो कोणत्या झाडाचा?