चौदाव्या वर्षी आई : संमतिवयाचा वाद आणि एका वऱ्हाडी वकिलाची समिती

#थ्रेड

१/ आनंदीबाई जोशी चौदा वर्षांच्या असताना त्यांना मुलगा झाला आणि दहाच दिवसांत तो गेला. या दुःखातून त्या डॉक्टर होण्यासाठी अमेरिकेस गेल्या, ही कथा आपण शाळेत वाचतो. ती चौदाव्या वर्षी आई का झाली, हा प्रश्न मात्र त्या धड्याखाली नसतो. कायद्यालाही तो नीट विचारायला पुढे पन्नास वर्षे लागली. विचारणारा माणूस आपल्या विदर्भातला होता.

२/ १८६० च्या दंडसंहितेत मुलीचे संमतिवय दहा वर्षे होते. १८८९ मध्ये कलकत्त्यात फुलमणी दासी ही सुमारे अकरा वर्षांची मुलगी पतीच्या शरीरसंबंधामुळे मरण पावली. तिने दहा ओलांडली असल्याने बलात्काराचा आरोप टिकलाच नाही. पतीला एक वर्षाची सक्तमजुरी झाली, तीही निष्काळजीपणाबद्दल.

३/ त्यानंतर १८९१ मध्ये संमतिवय बारा झाले. पुण्यात या विधेयकावरून रणकंदन माजले. पहिले न्हाण येताच गर्भाधान झालेच पाहिजे, हा शास्त्रार्थ विरोधकांचा मुख्य आधार. परक्या सरकारने आमच्या घरात शिरू नये, हा टिळकांचा आक्षेप राजकीय दृष्ट्या समजण्यासारखा आहे. पण त्या घरातल्या मुलीचे काय, याचे उत्तर त्यात नव्हते, असे मला वाटते.

४/ कारण न्हाण येणे म्हणजे शरीर प्रसूतीस सिद्ध होणे नव्हे. पाळी सुरू झाल्यावरही कटिभागाची हाडे काही वर्षे वाढत राहतात. अरुंद वाटेत बाळाचे डोके अडले की प्रसववेदना दोन-दोन, तीन-तीन दिवस चालतात. बाळ बहुधा दगावते. आई वाचलीच तर मूत्राशयाला पडलेल्या छिद्रातून लघवी अखंड गळत राहते आणि घरचे तिला दूर बसवतात. यासोबत रक्तक्षय, झटके आणि कमी वजनाचे मूल. १८९० मध्ये पन्नासहून अधिक स्त्री-डॉक्टरांनी आपल्या डोळ्यांदेखतच्या अशा मुलींची यादी जोडून व्हाइसरॉयकडे अर्ज केला होता.

५/ १९२५ मध्ये विवाहांतर्गत संमतिवय तेरा झाले. या लढ्यात पुढे असलेले हरिसिंग गौर नागपूरचे वकील आणि तिथल्या नगरपालिकेचे माजी अध्यक्ष. १९२८ मध्ये सरकारने चौकशी समिती नेमली आणि अध्यक्षपद दिले सर मोरोपंत विश्वनाथ जोशी यांना. अमरावतीचे वकील, मध्यप्रांत सरकारचे माजी गृहसदस्य. सदस्यांत रामेश्वरी नेहरू होत्या आणि एक स्त्री-डॉक्टरही.

६/ या समितीने देशभर प्रश्नावल्या पाठवल्या, साक्षी घेतल्या. शास्त्र काय म्हणते यावर ती थांबली नाही. लवकर आलेल्या मातृत्वाने आई आणि मूल यांचे काय होते, हेही तिने विचारले. १९२९ च्या अहवालात दोन गोष्टी आढळतात. एक, १८९१ चा कायदा बहुतेकांना ठाऊकच नव्हता. दुसरी अधिक व्यावहारिक : वयाचा पुरावाच नाही. म्हणून जन्म आणि विवाह यांची नोंद काटेकोर करा, असे समितीने सुचवले.

७/ ही अडचण आमच्या कुहीकडे बसून चांगली कळते. गावचा कोतवाल जन्ममृत्यूची खबर ठाण्यावर देई, एवढीच काय ती नोंद. मुलगी "पुराच्या साली" झाली, एवढ्यावर न्यायालय काय करणार? डफरीन फंडातून स्त्रियांसाठी रुग्णालये निघाली ती मुख्यतः शहरांत. खेड्यातल्या अडलेल्या बाळंतिणीला सुईण आणि बैलगाडी, एवढाच आधार.

८/ विवाहांतर्गत संमतिवय पंधरा करा, असे समितीने म्हटले. त्याच वर्षी सारडा कायदा होऊन मुलीचे विवाहवय चौदा ठरले, पण अंमल १ एप्रिल १९३० पासून. मधल्या सहा महिन्यांत देशभर घाईघाईने बालविवाह उरकण्यात आले. १९३१ च्या जनगणनेत अल्पवयीन विवाहितांचा आकडा उलट फुगलेला दिसला!

९/ समितीचा 'पंधरा' हा आकडा दंडसंहितेत आला १९४९ मध्ये. पुढे १९७८ मध्ये मुलीचे विवाहवय अठरा झाले, तरी पत्नीबाबतचा तो पंधराचा अपवाद तसाच राहिला. सर्वोच्च न्यायालयाने तो अठरावर नेला ११ ऑक्टोबर २०१७ रोजी. मोरोपंतांच्या अहवालानंतर ८८ वर्षांनी.

१०/ २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्रातील १५ ते १९ वयोगटातल्या ७.६ टक्के मुली आई झालेल्या किंवा गरोदर आढळल्या. आज वयाची नोंद आधार कार्डावर असते, आणि त्यातून नवाच पेच उभा राहिला आहे. अठराखालील गरोदर मुलगी दवाखान्यात आली की २०१२ च्या पॉक्सो कायद्यानुसार पोलिसांना कळवणे बंधनकारक. नवरा तुरुंगात जाईल या भीतीने घरचे तिला नेतच नाहीत, किंवा वय वाढवून सांगतात. मग रक्तक्षय तपासला जात नाही, रक्तदाब मोजला जात नाही. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गर्भपातासाठी आलेल्या अल्पवयीन मुलीचे नाव पोलिसांना न सांगण्याची मुभा डॉक्टरांना दिली. बाळंतपणासाठी येणाऱ्या मुलीपुढे तो पेच अजून तसाच आहे.