तारामतीचा पगार

३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन चित्रगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला. फाळक्यांचे नाव सर्वतोमुखी झाले. पण तारामती कोण होती, हे किती जणांस ठाऊक आहे? स्त्रिया पडद्यावर येण्यास राजी होईनात, तेव्हा दादासाहेबांनी ग्रँट रोडवरील उपाहारगृहातल्या अण्णा साळुंके या नोकरास, १० ऐवजी १५ रुपये पगार देऊ करून, लुगडे नेसविले. १९१७ च्या ‘लंकादहना’त तर रामही तेच, सीताही तेच! पुढे त्यांनी कॅमेराही चालविला. फाळक्यांचा मोठेपणा आम्ही मानतोच. पण आम्ही पडलो कामगार चळवळीतली माणसे. मंदिर बांधविणाऱ्याचे नाव शिळेवर राहते, पाथरवटाचे राहत नाही. आमच्या पिंपळीत तरी अण्णांचे नाव राहावे, एवढेच मागणे.