दुर्गा खोटे : रजतपटापासून दूरचित्रवाणीपर्यंत

मराठी चित्रपटाच्या इतिहासलेखनात दुर्गा खोटे (१९०५-१९९१) यांचा उल्लेख प्रामुख्याने दोन विशेषणांनी होतो. 'चित्रपटात आलेली पहिली कुलीन स्त्री' हे एक आणि 'वात्सल्यमूर्ती आई' हे दुसरे. या विशेषणांमुळे त्यांच्या दीर्घ कारकिर्दीतील स्वतंत्र व्यावसायिक आणि निर्माती ही बाजू झाकली जाते. प्रस्तुत लेखात याच बाजूचा विचार केला आहे.

'पहिली कुलीन स्त्री' हे विधान ऐतिहासिकदृष्ट्या तपासून पाहण्यासारखे आहे. दादासाहेब फाळके यांच्या 'मोहिनी भस्मासुर' (१९१३) या मूकपटात दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई गोखले यांनी भूमिका केल्या होत्या आणि त्या दोघीही ब्राह्मण कुटुंबातील होत्या. म्हणजे येथे 'कुलीन' या शब्दाचा अर्थ केवळ जात नसून संपत्ती, इंग्रजी शिक्षण व मुंबईच्या उच्चभ्रू समाजातील स्थान असा आहे. फिरत्या नाटक मंडळीत पोट भरणाऱ्या स्त्रीला हे विशेषण मिळाले नाही; लाड घराण्यातील, सेंट झेवियर्स महाविद्यालयात शिकलेल्या स्त्रीला मात्र ते सहज मिळाले.

तथापि दुर्गाबाईंचा चित्रपटप्रवेश हौसेचा नव्हता. सासरची आर्थिक घडी विस्कटल्याने अर्थार्जनाची निकड निर्माण झाली होती. पुढे ऐन तारुण्यात वैधव्य आले आणि दोन मुलांची जबाबदारी त्यांच्यावर पडली. 'फरेबी जाल' (१९३१) मधील छोट्या भूमिकेने त्यांच्या वाट्याला लौकिकाऐवजी मनस्तापच आला. त्यानंतर कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीच्या 'अयोध्येचा राजा' (१९३२) या मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत निघालेल्या बोलपटात त्यांनी तारामती साकारली आणि त्यांचे नाव सर्वत्र झाले.

या यशानंतरचा त्यांचा निर्णय अधिक महत्त्वाचा ठरतो. त्या काळी कलावंत कंपनीचे मासिक पगारी नोकर असत. दुर्गाबाई मात्र एका कंपनीला बांधून राहिल्या नाहीत. १९३३ मध्ये कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सचा 'राजरानी मीरा', तर १९३६ मध्ये पुन्हा प्रभातचा 'अमरज्योती' त्यांनी केला. 'अमरज्योती'मधील सौदामिनी ही अन्यायाविरुद्ध शस्त्र उचलणारी समुद्री लुटारूंची राणी आहे. 'पायाची दासी' (१९४१) मध्ये खाष्ट सासू, 'भरत मिलाप' (१९४२) मध्ये कैकेयी, रंगभूमीवर 'भाऊबंदकी'तील आनंदीबाई! या भूमिकांकडे पाहिल्यास 'वात्सल्यमूर्ती' ही प्रतिमा मुख्यत्वे उत्तरकाळातील, 'मुघल-ए-आझम' (१९६०) मधील जोधाबाईसारख्या भूमिकांतून घडली असे दिसते. रंगभूमीवरील अभिनयासाठी १९५८ चा संगीत नाटक अकादमी पुरस्कार, १९६८ मध्ये पद्मश्री व १९८३ चा दादासाहेब फाळके पुरस्कार हे सन्मान सर्वपरिचित आहेत; त्यांचा विस्तार येथे नको.

निर्मितीकडे त्या १९३० च्या दशकातच 'साथी'द्वारे वळल्या होत्या. १९५२ मध्ये त्यांनी फॅक्ट फिल्म्स ही संस्था काढली. पुढे दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सच्या नावाने लघुपट, अनुबोधपट व जाहिरातपट तयार होऊ लागले. नायिकेची कारकीर्द वयाबरोबर संपते, हे चित्रपटसृष्टीचे जुने गणित आहे. त्यावर दुर्गाबाईंनी शोधलेले हे उत्तर पूर्णतः व्यावहारिक होते. नटीला भूमिका मिळण्याची वाट पाहावी लागते, निर्मातीला कामे मिळवता येतात.

याच अनुभवाचा उपयोग दूरचित्रवाणीच्या काळात झाला. १९८४ मध्ये 'हम लोग' सुरू झाल्यानंतर प्रायोजित मालिकांमुळे दूरदर्शनचे दार खासगी निर्मात्यांना खुले झाले. आर. के. लक्ष्मण यांच्या व्यक्तिरेखांवर आधारित, कुंदन शाह दिग्दर्शित 'वागले की दुनिया' या मालिकेची निर्मिती दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सने केली. अंजन श्रीवास्तव व भारती आचरेकर यांनी रंगविलेले ते मध्यमवर्गीय जोडपे घरोघरी पोहोचले. १९८८ मध्ये मालिका सुरू झाली, तेव्हा दुर्गाबाई ८३ वर्षांच्या होत्या.